घर खाली करण्याच्या हुकूमनाम्याविरुद्ध अपील : भाडेकरू आणि घरमालक यांचे वारंवार विचारले जाणारे प्रश्न

महाराष्ट्रात भाडेकरूकडून जागेचा ताबा मागणारे बहुतेक दावे महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, १९९९ या कायद्याखाली चालतात. तो ३१ मार्च २००० पासून लागू आहे. दावा कसा लढवावा हे इथे सांगितलेले नाही. निकाल आणि त्यावरचा हुकूमनामा, म्हणजे अंमलात आणता येणारा कोर्टाचा आदेश, हातात पडल्यानंतरच्या दिवसांसाठी ही प्रश्नोत्तरे आहेत. चांगली बाजू असलेली माणसेही याच दिवसांत हातची संधी घालवतात, कारण तारीख हुकते, कागद राहून जातो किंवा कुणीतरी सांगितलेल्या अर्धवट माहितीवर विसंबून ती स्वस्थ बसतात.

निकाल माझ्या विरोधात गेला. अपील कुठे करायचे?

कायद्याच्या कलम ३४ मध्ये याचे उत्तर आहे. बृहन्मुंबईत लघुवाद न्यायालयाच्या एका न्यायाधीशाने निकाल दिला असेल, तर अपील त्याच न्यायालयाच्या दोन न्यायाधीशांच्या खंडपीठाकडे जाते. मूळ निकाल देणारे न्यायाधीश त्या खंडपीठात बसत नाहीत. मुंबईबाहेर दावा लघुवाद न्यायालयात किंवा ते नसेल तिथे दिवाणी न्यायाधीशांकडे चालतो आणि अपील जिल्हा न्यायालयात करावे लागते.

थेट उच्च न्यायालयात जाता येईल का, असे पुष्कळ जण विचारतात. ताब्याच्या हुकूमनाम्याविरुद्ध आधी अपील, मगच उच्च न्यायालय. मधली पायरी टाळून गेलात तर बहुधा परत पाठवले जाल आणि तोवर मुदत सरलेली असेल.

मुदत किती? दिवस कधीपासून मोजायचे?

हुकूमनाम्याच्या तारखेपासून ३० दिवस. साध्या दिवाणी दाव्यात काही अपिलांना ९० दिवस मिळतात, ते ऐकून माणसे इथेही निर्धास्त राहतात. भाडे कायद्यात ३० म्हणजे ३०.

निकालाची प्रमाणित नक्कल मिळवण्यात कोर्टाकडून जो वेळ जातो तो मात्र वजा होतो. नक्कल हातात आली की तिच्या शेवटच्या पानावरचा शिक्का नीट वाचा. नकलेसाठी अर्ज कधी केला, नक्कल कधी तयार झाली आणि कधी दिली या तारखा तिथे हाताने भरलेल्या असतात, आणि अपील मुदतीत आहे की नाही हे कोर्टाचा कारकून त्यांवरूनच ठरवतो. समजा निकाल ४ मार्चला लागला, अर्ज ६ मार्चला केला, नक्कल २० मार्चला तयार झाली. एरवी मुदत ३ एप्रिलला संपली असती. ६ ते २० मार्च हे १५ दिवस धरले की ती १८ एप्रिलपर्यंत जाते. पण नक्कल २० तारखेला तयार असूनही तुम्ही २८ तारखेला घ्यायला गेलात, तर ते मधले दिवस तुमच्या खात्यातून जातात. अर्ज करायला उशीर केला असेल तर तो उशीरही तुमचाच.

म्हणून निकाल ऐकल्यावर त्याच दिवशी, नाहीतर दुसऱ्या दिवशी नकलेचा अर्ज टाका. अपील करायचे की नाही हे अजून ठरले नसले तरी टाका.

शेवटच्या दिवशी कोर्ट बंद असेल तर कोर्ट उघडेल त्या दिवशी अपील दाखल करता येते.

मुदत उलटून गेली आहे. आता काहीच होणार नाही का?

होऊ शकते. मुदतीच्या कायद्याचे कलम ५ या अपिलांना लागू आहे, त्यामुळे अपिलासोबत विलंब माफीचा अर्ज करता येतो. आजारपणाचे कागद, घरातला मृत्यू, चुकीच्या कोर्टात आधी दाखल झालेले अपील, जे खरे कारण असेल ते तारखांसह लिहा. ‘माझी माहिती नव्हती’ एवढ्या एका ओळीवर फार भरवसा ठेवू नका. शिवाय उशिराने केलेल्या अपिलात एक मोठी अडचण असते. विलंबाचा प्रश्न मिटून कोर्ट अपील ऐकायला घेत नाही तोवर स्थगिती मिळत नाही आणि तेवढ्या काळात ताब्याची कारवाई पुढे जाऊ शकते.

अपील दाखल केले म्हणजे घर खाली करावे लागणार नाही, बरोबर?

नाही. घर जाण्यामागे सर्वांत जास्त वेळा हाच गैरसमज असतो.

दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ४१, नियम ५ मध्ये स्पष्ट म्हटले आहे की केवळ अपील केल्याने हुकूमनाम्याची अंमलबजावणी थांबत नाही. त्यासाठी स्थगितीचा वेगळा अर्ज द्यावा लागतो, तो न्यायाधीशांपुढे चालवावा लागतो आणि त्यावर आदेश व्हावा लागतो. अपिलाला नंबर पडला आणि पुढची तारीख मिळाली, एवढ्यावर घरी जाऊन निवांत बसलात तर घरमालकाला दरखास्त (हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज) दाखल करून कब्जा वॉरंट काढायला कुणी अडवू शकत नाही.

स्थगिती देताना कोर्ट तीन गोष्टी पाहते : स्थगिती दिली नाही तर अर्जदाराचे मोठे नुकसान होईल का, अर्ज विनाकारण उशिरा केला आहे का, आणि हुकूमनामा पुढे कायम झाला तर घरमालकाच्या नुकसानीसाठी अर्जदार काय तारण देतो. राहते घर जाणार हे नुकसान कोर्टाला समजावून सांगावे लागत नाही. खरा वाद तिसऱ्या मुद्द्यावर होतो.

अपिलाची तयारी व्हायला वेळ लागणार असेल तर ज्या कोर्टाने निकाल दिला त्याच कोर्टाकडे, अपिलाची मुदत संपण्याआधी, थोड्या काळापुरती स्थगिती मागता येते. निकाल वाचला जात असतानाच वकिलांनी तोंडी विनंती करून हा अर्ज द्यावा. ही साधी गोष्ट राहून गेलेली फार पाहायला मिळते.

स्थगिती हवी असेल तर बाजारभावाने पैसे भरा, असे कोर्टाने सांगितले. माझे भाडे तर काही शेकड्यांत आहे. हे कायदेशीर आहे का?

आहे. आत्मा राम प्रॉपर्टीज विरुद्ध फेडरल मोटर्स या दिल्लीच्या प्रकरणात व्यापारी जागेचे ठरलेले भाडे महिना ३७१ रुपये ९० पैसे होते आणि अपिली न्यायाधिकरणाने स्थगितीसाठी महिना १५,००० रुपयांची अट घातली होती. उच्च न्यायालयाने ती काढली, सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २००४ मध्ये पुन्हा लावली. त्यामागचा विचार असा : ताब्याचा हुकूमनामा झाल्यानंतर भाडेकरूचा जुन्या भाड्यावर राहण्याचा हक्क उरत नाही, तो स्थगितीच्या आधाराने राहतो, म्हणून त्या जागेला आज जे भाडे आले असते त्याच्या आसपासची वाजवी रक्कम त्याने द्यावी. महाराष्ट्राच्या कायद्यालाही हेच लागू पडते, हे २००९ मध्ये सुपर मॅक्स इंटरनॅशनलच्या निकालात तीन न्यायाधीशांनी सांगितले. त्या खटल्यात भाडेकरू होते खुद्द महाराष्ट्र शासन.

रक्कम मनमानी मात्र असू शकत नाही. घरमालक मोठा आकडा सांगेल, सोबत मूल्यांकनकाराचा अहवाल जोडेल. तुम्हीही गप्प बसू नका. त्याच परिसरातल्या, तेवढ्याच जुन्या आणि तशाच अवस्थेतल्या जागांचे नोंदणीकृत लिव्ह अँड लायसन्स करार शोधून लावा. लिफ्ट नाही, संडास सामाईक आहे, इमारत उपकरप्राप्त (दुरुस्तीचा उपकर लागणारी जुनी इमारत) आहे, हे सगळे फोटोंसह मांडा. आकडा खाली आणायचा असेल तर तो याच टप्प्यावर येतो. आदेश झाल्यावर हप्ता चुकवला की स्थगिती उठते, आणि एकदा उठलेली स्थगिती परत मिळवणे फार अवघड जाते.

अपील चालू असताना भाडे कुणाला द्यायचे?

स्थगितीच्या आदेशात काय लिहिले आहे ते पाहा. कोर्टात भरायला सांगितले असेल तर कोर्टातच भरा, घरमालकाच्या हातात रोख देऊ नका. आदेश नसेल तर बँकेतून पाठवा. घरमालकाने घेतले नाही तर कोर्टात जमा करण्याची परवानगी मागा. थकबाकीच्या खटल्यात हे दुप्पट महत्त्वाचे ठरते. कलम १५(३) प्रमाणे समन्स बजावल्यापासून ९० दिवसांत सगळी थकबाकी १५ टक्के सरळ व्याजासह कोर्टात भरून आणि दाव्याचा अंतिम निकाल लागेपर्यंत भाडे नियमित भरत राहून भाडेकरूला स्वतःला वाचवता येते. अपील हा दाव्याचाच पुढचा भाग मानला जातो. तिथे खंड पडला की समोरचा वकील सर्वांत आधी तेच दाखवतो.

मी घरमालक आहे. माझा दावा फेटाळला. मलाही अपील करता येते का?

हो, त्याच कोर्टात आणि त्याच ३० दिवसांत.

घरमालकांसाठी आणखी एक गोष्ट. समजा तुम्ही तीन कारणांवर ताबा मागितला होता : स्वतःची गरज, पोटभाडेकरू ठेवणे आणि परवानगीशिवाय कायमस्वरूपी बांधकाम. कोर्टाने फक्त गरजेवर हुकूमनामा दिला आणि बाकी दोन मुद्दे तुमच्या विरोधात लिहिले. भाडेकरू अपिलात गेला तर त्या दोन मुद्द्यांवरचे निष्कर्ष चुकीचे आहेत असे तुम्हालाही म्हणता येते, कारण हुकूमनाम्याचे समर्थन तुम्ही हरलेल्या मुद्द्यांवरूनही करू शकता. पण हुकूमनाम्यातच काही बदलून हवे असेल, उदाहरणार्थ अर्ध्याच जागेचा ताबा मिळाला आणि तुम्हाला पूर्ण हवी आहे, तर नोटीस मिळाल्यापासून एका महिन्यात प्रतिआक्षेप, म्हणजे त्याच अपिलात तुमच्या बाजूच्या लेखी हरकती, दाखल करावे लागतात.

हुकूमनामा माझ्या बाजूने झाला आहे. भाडेकरूने मला न कळवता स्थगिती आणू नये म्हणून काय करू?

अपिली कोर्टात कॅव्हेट, म्हणजे मला ऐकल्याशिवाय आदेश देऊ नये असा अर्ज, दाखल करा. ते ९० दिवस टिकते, पुढे नव्याने द्यावे लागते. त्याची नोटीस समोरच्याला रजिस्टर पोस्टाने पाठवून पावती जपा.

अपिलात नवे कागद, नवे साक्षीदार देता येतात का?

सहसा नाही. आदेश ४१, नियम २७ तीनच परिस्थितींत वाट देतो : खालच्या कोर्टाने घ्यायला हवा असलेला पुरावा नाकारला असेल, किंवा पुरेशी खबरदारी घेऊनही तो पुरावा तेव्हा मिळण्यासारखा नसेल, किंवा निकाल देण्यासाठी अपिली कोर्टालाच त्याची गरज वाटली असेल. ‘तेव्हा वकिलांनी लावला नाही’ हे कारण चालत नाही.

घरमालकाला खरोखर गरज नाही, हे अपिलात दाखवता येईल का?

येईल, आणि बहुतेक अपिले याच एका मुद्द्यावर उभी राहतात किंवा पडतात.

कलम १६(१)(g) खाली घरमालकाची गरज वाजवी आणि खरी असावी लागते. ती सिद्ध झाली तरी काम संपत नाही. कलम १६(२) सांगते की हुकूमनामा दिल्याने होणारा त्रास तो न दिल्याने होणाऱ्या त्रासापेक्षा मोठा असेल तर हुकूमनामा देऊ नये. जागेचा एक भाग देऊन दोघांचेही भागत असेल तर तेवढ्याच भागाचा हुकूमनामा द्यावा. खालच्या कोर्टाने या तुलनेला दोन ओळींत उरकले असेल तर अपिलात तो मुद्दा जोर लावून मांडा. पहिले अपिली कोर्ट वस्तुस्थिती आणि कायदा दोन्ही नव्याने तपासते. प्रत्येक मुद्द्यावर स्वतःचा निष्कर्ष आणि त्याची कारणे लिहिणे त्याच्यावर बंधनकारक आहे. ‘खालच्या कोर्टाशी सहमत’ एवढे पुरत नाही.

आता भाडेकरूंची नेहमीची उणीव. त्रासाच्या मुद्द्यावर ते सांगतात, ‘आम्हाला दुसरी जागा नाही.’ उलटतपासात विचारले जाते की दुसरी जागा शोधलीत का, कुठे, कधी, कुणाकडे. उत्तर नसते. एजंटांशी झालेला पत्रव्यवहार, पाहिलेल्या जागांची नोंद, सांगितलेले भाडे, मुलांच्या शाळेचे किंवा घरातल्या आजारी माणसाच्या दवाखान्याचे अंतर, असे काहीतरी मूळ दाव्यातच नोंदीवर यावे लागते. खटला अजून खाली चालू असताना तुम्ही हे वाचत असाल तर आजच सुरुवात करा.

दाव्यानंतर घडलेल्या घटनाही अपिलात आणता येतात. घरमालकाला शेजारची जागा रिकामी मिळाली, ज्या मुलासाठी घर मागितले तो परदेशात कायमचा स्थायिक झाला. आपल्या लेखी म्हणण्यात दुरुस्ती करण्याचा अर्ज आणि प्रतिज्ञापत्र देऊन हे नोंदीवर आणा. मात्र गया प्रसाद विरुद्ध प्रदीप श्रीवास्तव या २००१ च्या निकालाने ठरवून दिले आहे की गरज पाहायची ती मुळात दावा दाखल केला त्या दिवशीची. नंतरची घटना ती गरज पूर्णपणे पुसून टाकणारी असेल तरच उपयोगी. खटला लांबला तेवढ्या काळात घरमालकाच्या मुलाने पोटासाठी दुसरीकडे नोकरी धरली, म्हणून गरज संपली असे होत नाही. मला हा नियम न्याय्य वाटतो. नाहीतर खटला रखडवणाऱ्यालाच त्याचे फळ मिळेल.

मला समन्स मिळालेच नाही आणि एकतर्फी हुकूमनामा झाला. अपील करू की दुसरे काही?

दोन वाटा आहेत. ज्या कोर्टाने निकाल दिला तिथे आदेश ९, नियम १३ खाली हुकूमनामा रद्द करण्याचा अर्ज, किंवा अपील. समन्स न मिळणे हाच मुद्दा असेल तर सहसा पहिली वाट बरी, कारण समन्स बजावल्याचा अहवाल, त्यावरची सही, पत्ता यांचा पुरावा तिथे देता येतो. अर्जाची मुदत ३० दिवस आहे. समन्स रीतसर बजावलेच नसेल तर हुकूमनामा कळल्यापासून. एक धोका लक्षात घ्या : अपील केले आणि त्याचा निकाल लागला, तर नंतर तो अर्ज करता येत नाही.

तडजोडीने हुकूमनामा झाला होता. आता पश्चात्ताप होतो आहे.

संमतीच्या हुकूमनाम्याविरुद्ध अपील नाही. फसवणूक किंवा जबरदस्ती झाली असेल तर त्याच कोर्टाकडे जावे लागते.

अपील चालू असताना भाडेकरू किंवा घरमालक वारला तर?

वारसांची नावे ९० दिवसांत लावून घ्या. नाही लावली तर अपील त्या पक्षकारापुरते आपोआप रद्द होते. मग ते पुन्हा उभे करण्यासाठी आणखी ६० दिवस आणि समाधानकारक कारण लागते. राहत्या घरात भाडेकरूचा हक्क मुख्यतः त्याच्या मृत्यूच्या वेळी सोबत राहणाऱ्या कुटुंबीयांकडे जातो. म्हणून रेशन कार्ड, आधार, वीजबिल, शाळेचे दाखले हे कागद वेळीच जमवा. दुःखाच्या दिवसांत हे सुचत नाही, म्हणून वकिलांना निदान एक फोन करून कळवा.

अपीलही हरलो. दुसरे अपील?

या कायद्यात दुसरे अपील नाही; कलम ३४(३) ने तो दरवाजा बंद केला आहे. उरते उच्च न्यायालयात दिवाणी पुनरीक्षण (खालच्या निकालाची मर्यादित फेरतपासणी) किंवा संविधानाच्या अनुच्छेद २२७ खालची याचिका. पुनरीक्षणाची मुदत ९० दिवस. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या जिल्ह्यांतल्या पक्षकारांसाठी ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झाले आहे, त्यामुळे मुंबईच्या फेऱ्या वाचतात.

पण तिथे काय मिळू शकते हे आधी समजून घ्या. उच्च न्यायालय साक्षीपुरावा पुन्हा तोलत नाही. खालच्या कोर्टांनी अधिकाराबाहेर जाऊन निकाल दिला का, अधिकार असून वापरला नाही का, महत्त्वाचा पुरावा मुळीच पाहिला नाही का, एवढेच तपासते. ‘साक्षीदार खोटे बोलत होता’ हे पटवायची शेवटची जागा जिल्हा न्यायालय किंवा मुंबईतले अपिली खंडपीठ. म्हणून पैसे आणि श्रम वाचवायचेच असतील तर पहिल्या अपिलात वाचवू नका. तिथले युक्तिवाद लेखी द्या आणि त्यात नोंदीवरच्या प्रत्येक निशाणी क्रमांकाचा (कागदाला कोर्टाने दिलेल्या क्रमांकाचा) उल्लेख करा.

सर्वोच्च न्यायालय?

अनुच्छेद १३६ खाली विशेष अनुमती याचिका करता येते, साधारण ९० दिवसांत. फार थोड्या याचिका दाखल करून घेतल्या जातात. अनेकदा पदरात पडतो तो वेळ : ठरावीक महिन्यांत जागा खाली करून देईन असे लेखी हमीपत्र दिल्यावर कोर्ट तेवढी मुदत देते. ते हमीपत्र मोडले तर न्यायालयाचा अवमान होतो, म्हणून सही करण्यापूर्वी तारीख झेपणारी आहे का ते घरच्या सगळ्यांशी बोलून ठरवा.

मी लिव्ह अँड लायसन्सवर राहतो. सक्षम प्राधिकाऱ्याने (अशा प्रकरणांसाठी शासनाने नेमलेल्या अधिकाऱ्याने) खाली करायचा आदेश दिला. अपील कुठे?

अपील नाही. कलम ४४ प्रमाणे फक्त पुनरीक्षण, तेही आदेशापासून ९० दिवसांत, शासनाने अधिकार दिलेल्या महसूल विभागाच्या वरिष्ठ अधिकाऱ्याकडे. तो अतिरिक्त आयुक्तांच्या दर्जापेक्षा खालचा नसतो. कराराची मुदत संपल्यावर राहिलेल्या काळासाठी कलम २४ मध्ये दुप्पट दराने भरपाई आहे, त्यामुळे इथे वेळ काढणे महागात पडते.

आमची कंपनी भाडेकरू आहे. हेच नियम लागू होतात का?

भरणा झालेले भागभांडवल १ कोटी रुपये किंवा अधिक असलेल्या खासगी आणि सार्वजनिक मर्यादित कंपन्यांना, तसेच बँकांना कलम ३ मुळे या कायद्याचे संरक्षण नाही. तिथे दावा वेगळ्या कायद्यांखाली चालतो आणि अपिलाचा मार्ग व मुदतही बदलते. हुकूमनाम्यावर कोणत्या कलमाखाली तो दिला आहे ते वाचून मगच मुदत मोजा.

वकील परवडत नाही.

विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ खाली मोफत वकील मिळतो. स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातींचे लोक, अपंग व्यक्ती आणि औद्योगिक कामगार यांना उत्पन्नाची अट नाही. इतरांना उत्पन्न मर्यादेत असावे लागते. जिल्हा न्यायालयाच्या आवारातच विधी सेवा प्राधिकरणाचे कार्यालय असते. निकालाची नक्कल नसली तरी जा, अर्ज तेवढ्यावरही घेतात. ३० दिवसांतले पहिले दहा दिवस संपायच्या आत जा.

बेलीफ (कोर्टाचा आदेश बजावणारा कर्मचारी) दारात आला आहे. आता?

आधी त्याच्या हातातले वॉरंट मागून वाचा : दाव्याचा नंबर, जागेचे वर्णन, तारीख. खोली क्रमांक किंवा मजला चुकला असेल तर तसे लेखी द्या आणि त्याला अहवालात नोंदवायला सांगा. स्थगितीचा आदेश झाला असेल तर त्याची प्रत दाखवा. नुसते ‘वकिलांनी सांगितले स्थगिती मिळाली’ यावर बेलीफ थांबू शकत नाही. कुलूप लावून निघून जाण्याचा उपयोग नाही, कुलूप तोडून ताबा देण्याचा अधिकार त्याला कायद्यानेच आहे. धक्काबुक्की तर मुळीच नको. तो आपले काम करतो आहे, आणि पोलीस बंदोबस्त मागवला गेला की म्हातारी माणसे आणि मुले यांच्या देखत जे घडते ते टाळण्यासारखे असते. त्याच वेळी एकाने कोर्टात धाव घ्यावी : अपिली कोर्टातून आदेश आणण्यापुरता वेळ ज्या कोर्टात दरखास्त चालू आहे ते कोर्टही देऊ शकते.

ताबा गेला आणि नंतर मी अपील जिंकलो. घर परत मिळते का?

हुकूमनामा उलटला तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १४४ खाली अर्ज करून ताबा परत मागता येतो, सोबत नुकसानभरपाईही. मधल्या काळात तिसऱ्या माणसाला जागा दिली गेली तर गुंता वाढतो. म्हणून ताबा गेला तरी अपील सोडू नका आणि जागेवर तिसऱ्याचा हक्क निर्माण करू नये असा मनाई आदेश मागून ठेवा.

अपील हरलात आणि घरमालकाने स्वतःच्या गरजेपोटी घर घेतले असेल तरीही कलम १७ लक्षात असू द्या. ताबा मिळाल्यापासून एका महिन्यात तो तिथे राहायला आला नाही, किंवा वर्षाच्या आत त्याने ती जागा दुसऱ्या कुणाला भाड्याने दिली, तर मूळ भाडेकरूला तेरा महिन्यांच्या आत कोर्टात अर्ज करून जागा परत मागता येते. शेजाऱ्यांचा संपर्क ठेवा, दाराला लागलेले कुलूप आणि नव्या माणसांच्या नावाची पाटी यांचे तारखेसह फोटो काढून ठेवा.